एका मतदारसंघाचा जन्म आणि अस्त

(मंडळाच्या वार्षिक मेळाव्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)



या व्यासपीठावरून माझ्याकडून मधुमेह, रक्तदाब, हृदयविकार यांविषयी चार शब्द ऐकण्याची आपणांस सवय झाली आहे. यंदा कार्यकारिणीने मला विषयाची मोकळीक दिली, म्हणून मी थोडे धाडस करणार आहे. मेक्सिको देशातील एका मतदारसंघाची हकीकत मी आज आपणांस सांगणार आहे. तो मतदारसंघ आज नकाशावर नाही. तो १९९६ मध्ये जन्मास आला आणि २०१७ मध्ये पुसला गेला. आपला आणि त्याचा काय संबंध, असा प्रश्न आपल्या मनात येणे साहजिक आहे. मलाही तो संबंध एका रुग्णामुळे कळला. त्याची ओळख पटेल असा तपशील वगळून तेवढा प्रसंग आधी सांगतो.

मी उत्तर कॅरोलिना राज्यात व्यवसाय करतो. आमच्या दवाखान्यात पन्नाशीचा एक गृहस्थ रक्तदाबाच्या तक्रारीसाठी येत असे. वर्ण काळा, केस कुरळे, भाषा स्पॅनिश. नोंदणीच्या टेबलावरील मुलीने त्याला कृष्णवर्णीय अमेरिकन समजून इंग्रजीत प्रश्न विचारले आणि तो गोंधळला. मग दुभाष्याला बोलावण्यात आले. ओळखपत्र म्हणून त्याने खिशातून काढले ते आपल्या देशाचे मतदार ओळखपत्र. मेक्सिकोत हेच पत्र सर्वत्र ओळखीसाठी वापरतात. त्यावर छायाचित्र असते, राज्य, नगरपालिका व मतदान विभागाचा क्रमांक असतो. मी सहज विचारले, "तुमच्या गावचा प्रतिनिधी कोण?" तो हसला. दुभाष्यामार्फत त्याने उत्तर दिले, "डॉक्टर, आमचा मतदारसंघच गेला. मी इकडे आलो, तो तिकडे गेला."

हे वाक्य मला काही दिवस सोडीना. मी वाचन सुरू केले. त्यातून जे हाती लागले, तेच आज आपणांपुढे ठेवीत आहे.

मेक्सिकोच्या दक्षिणेस पॅसिफिक महासागराच्या काठी वाहाका नावाचे राज्य आहे. डोंगराळ, गरीब, अनेक भाषांचे राज्य. त्यात ५७० नगरपालिका आहेत. या राज्याच्या नैर्ऋत्य कोपऱ्यात, अकापुल्कोच्या पूर्वेकडे पसरलेली किनारपट्टी आहे. तिला 'कोस्ता चिका', म्हणजे लहान किनारा, असे म्हणतात. तिचा काही भाग शेजारच्या गेरेरो राज्यात मोडतो. वाहाकाकडील भागाची मुख्य बाजारपेठ म्हणजे सांतियागो पिनोतेपा नासिओनाल हे गाव. या पट्ट्यात मिश्तेक, अमुस्गो, चातिनो असे मूळनिवासी समाज राहतात आणि त्यांच्या शेजारी शतकानुशतके काळ्या लोकांची गावे आहेत. स्पॅनिश राजवटीत आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेल्या माणसांचे हे वंशज होत.

यांच्या बाबतीत इतिहासाने एक विचित्र न्याय केला. मेक्सिकोच्या स्वातंत्र्यलढ्यातील सेनानी मोरेलोस यांनी १८१३ मध्येच जातिभेद नष्ट करण्याची घोषणा केली. आफ्रिकी वंशाचे विसेंते गेरेरो १८२९ मध्ये राष्ट्राध्यक्ष झाले आणि त्याच वर्षी १५ सप्टेंबर रोजी त्यांनी गुलामगिरी रद्द केली. अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांच्या कितीतरी आधी! यानंतर राज्यकर्त्यांनी ठरवले की आता सारेच नागरिक, सारेच समान. सरकारी दप्तरातून वर्णाची नोंद नाहीशी झाली. हेतू उदात्त होता, परंतु नोंद गेली म्हणून भेद गेला नाही. पुढे १९२१ च्या जनगणनेत वंशाचा प्रश्न विचारण्यात आला. तेव्हा मूळनिवासी, मिश्र आणि गोरे असे वर्ग मांडले गेले. काळ्या माणसासाठी त्यात रकानाच नव्हता. आजही किनाऱ्यावरच्या माणसाला स्वतःच्याच देशात प्रवास करताना अधिकारी परदेशी समजून अडवतात आणि तो मेक्सिकन आहे हे ठरवण्यासाठी त्याला राष्ट्रगीत म्हणावयास लावतात, अशा तक्रारी वारंवार नोंदल्या गेल्या आहेत.

या विस्मृत समाजाचा पहिला मोठा शास्त्रीय अभ्यास करणारा माणूस वैद्य होता, हे सांगताना मला थोडा व्यावसायिक आनंद होतो. डॉ. गोन्सालो आगिरे बेल्त्रान यांनी १९४६ मध्ये मेक्सिकोतील कृष्णवर्णीय लोकसंख्येवर ग्रंथ लिहिला आणि १९५८ मध्ये कोस्ता चिकातील क्वाहिनिक्विलापा या गावावर दुसरा. पुढे १९६१ ते १९६४ या काळात ते स्वतः देशाच्या प्रतिनिधिगृहाचे सदस्यही होते. रोगाचे निदान करणाऱ्या माणसाने समाजाचे निदान करावे, हे मला अगदी स्वाभाविक वाटते. तपासणीचा पहिला नियम दोहोंकडे एकच आहे. जे मोजले जात नाही, त्यावर उपचार होत नाही.

आता मतदारसंघाकडे वळतो. मेक्सिकोच्या १९१७ च्या राज्यघटनेने दर ६० हजार लोकसंख्येमागे एक प्रतिनिधी ठरवला होता. लोकसंख्या वाढत गेली तसा हा आकडा वाढवीत १९७२ मध्ये अडीच लाखांपर्यंत नेण्यात आला. १९७७ च्या घटनादुरुस्तीने ही पद्धत बदलली. थेट निवडून यावयाच्या जागा कायमच्या ३०० ठरल्या. याखेरीज प्रमाणशीर प्रतिनिधित्वाने भरावयाच्या जागा आहेत. त्या आधी १०० होत्या, १९८६ च्या दुरुस्तीने २०० झाल्या. म्हणून सभागृह एकूण ५०० सदस्यांचे.

३०० हा आकडा गोठवल्याचा अर्थ नीट ध्यानात घेतला पाहिजे. पूर्वी एका राज्याची लोकसंख्या वाढली तर त्याला जास्तीची जागा मिळे, दुसऱ्याचे काही जात नसे. आता एकाला मिळावयाची तर ती दुसऱ्याच्या ताटातूनच यावयाची. देशाच्या लोकसंख्येला ३०० ने भागावयाचे, येणाऱ्या संख्येने प्रत्येक राज्याच्या लोकसंख्येला भागावयाचे, आणि उत्तराप्रमाणे जागा वाटावयाच्या. कोणत्याही राज्याला दोनपेक्षा कमी जागा नाहीत, एवढाच अपवाद.

वाहाकाचा हिशोब मी स्वतः मांडून पाहिला. १९९० च्या जनगणनेत देशाची लोकसंख्या ८ कोटी १२ लाखांवर होती. म्हणजे एका मतदारसंघाला सुमारे २ लाख ७१ हजार माणसे. वाहाकाची लोकसंख्या ३० लाख १९ हजार. भागाकार आला ११.१५. त्यामुळे १९९६ च्या फेररचनेत वाहाकाच्या जागा १० वरून ११ झाल्या. नवा अकरावा मतदारसंघ किनाऱ्याच्या कोपऱ्यात आखला गेला आणि त्याचे मुख्यालय पिनोतेपा नासिओनाल येथे ठेवण्यात आले.

२००० च्या जनगणनेने भागाकार १०.५८ आला. अपूर्णांक मोठा होता, जागा वाचली. २००५ च्या नकाशातही अकरावा मतदारसंघ राहिला. २०१० मध्ये देशाची लोकसंख्या ११ कोटी २३ लाख झाली, वाहाकाची ३८ लाख २ हजार. भागाकार १०.१५. म्हणून २०१७ च्या फेररचनेत जागा ११ वरून १० झाल्या आणि नकाशावरून गेला तो पिनोतेपाचा अकरावा. त्याची गावे उरलेल्या मतदारसंघांत समाविष्ट झाली. त्याची शेवटची निवडणूक २०१५ ची ठरली. २०२० चा भागाकार ९.८४ आहे. जागा १० च राहिल्या, अकरावी परत आली नाही.

बंधूंनो, येथे कोणी लबाडी केली असे मी म्हणत नाही. १९९० मध्ये स्थापन झालेली आणि १९९६ मध्ये सरकारच्या ताब्यातून पूर्ण मुक्त झालेली स्वायत्त निवडणूक संस्था हे नकाशे आखते. वाहाकात माणसे कमी झाली असेही नाही. वीस वर्षांत ती जवळजवळ आठ लाखांनी वाढली! परंतु देश त्याहून वेगाने वाढला. राज्याचा वाटा शेकडा ३.७२ वरून ३.३८ वर उतरला. राजधानीभोवतालच्या मेक्सिको राज्यातील मतदारसंघ ३४ वरून ४१ वर गेले. सीमेवरील बाहा कॅलिफोर्नियातील ६ वरून ८ झाले. ज्या भागांत कारखाने, शेतमजुरी आणि बांधकामे होती, तेथे वाहाकासारख्या राज्यांची माणसे पोटासाठी जात राहिली. जी आणखी पुढे गेली, ती सीमा ओलांडून अमेरिकेत आली. ऑक्टोबर १९९७ मध्ये पाउलिना नावाच्या चक्रीवादळाने हा किनारा झोडपून काढला, त्यानंतर बाहेर पडणाऱ्यांत आणखी भर पडली. कोस्ता चिकातील अनेक कुटुंबे उत्तर कॅरोलिनातील विन्स्टन-सेलम शहरात आणि त्याच्या आसपास स्थायिक झाली. माझा रुग्ण त्यांपैकीच एक.

"मी इकडे आलो, तो तिकडे गेला," या त्याच्या वाक्याचा अर्थ मला येथे उलगडला. एकट्याच्या जाण्याने काही बिघडत नाही. पण हजारो घरांतील कर्ते हात निघून गेले, दरमहा पैसे पाठवीत राहिले, पक्की घरे उभी राहिली, आणि मोजणीच्या दिवशी त्या घरांत म्हातारे आईबाप आणि नातवंडे तेवढी सापडली. घर उभे राहिले, जागा पडली.

आता या माणसाचा दुसऱ्या बाजूचा हिशोब पाहा. अमेरिकेच्या जनगणनेत नागरिक असो वा नसो, येथे राहणारा प्रत्येक माणूस मोजला जातो आणि काँग्रेसच्या जागांचे वाटप त्याच मोजणीवर होते. २०२० च्या जनगणनेनंतर उत्तर कॅरोलिनाच्या जागा १३ वरून १४ झाल्या. त्या चौदाव्या जागेत या माणसाचाही अंश आहे. पण तो नागरिक नाही, म्हणून त्याला येथे मत नाही. मेक्सिकोत त्याला मत आहे. २००६ पासून परदेशस्थ मेक्सिकन नागरिक राष्ट्राध्यक्षपदासाठी मत देऊ शकतात. २०१८ पर्यंत त्यात सिनेटची भर पडली. पहिल्या खेपेस सुमारे ३३ हजार मते आली, २०१८ मध्ये सुमारे ९८ हजार. परंतु आपल्या मतदारसंघाच्या प्रतिनिधीसाठी त्याला परदेशातून मत देता येत नाही. म्हणजे जेथे तो मोजला जातो तेथे मत नाही, आणि जेथे मत आहे तेथे तो मोजला जात नाही. या सभागृहात हिरवे कार्ड बाळगणारे जे बसले आहेत, त्यांना हे चित्र अनोळखी वाटू नये. भारतात २०१० च्या कायदेदुरुस्तीने परदेशस्थ नागरिकाला गावच्या मतदारयादीत नाव घालण्याचा हक्क मिळाला. पण त्या तरतुदीप्रमाणे मत देण्यासाठी मतदानाच्या दिवशी स्वतः गावी उभे राहावे लागते. आपल्यापैकी कितीजणांनी ते केले आहे, हे मी येथे विचारत नाही. माझेच उत्तर मला लाजविणारे आहे.

या मतदारसंघाचे प्रतिनिधी कोण झाले? १९९७ पासून २०१५ पर्यंत तेथे सात निवडणुका झाल्या. मेक्सिकोच्या घटनेने १९३३ पासून प्रतिनिधीला लागोपाठ दुसऱ्यांदा निवडून येण्यास बंदी केली होती. २०१४ च्या दुरुस्तीने ती उठवली, पण तिचा लाभ २०१८ पासून निवडून येणाऱ्यांनाच मिळाला. म्हणजे या मतदारसंघाच्या सबंध आयुष्यात एकाही प्रतिनिधीला मतदारांपुढे जाऊन, "मी तीन वर्षांत हे केले, मला पुन्हा निवडा," असे म्हणण्याची सोय नव्हती. बंदीचा मूळ हेतू हुकूमशाही रोखण्याचा होता. व्यवहारात मात्र असे झाले की प्रतिनिधीचे पुढचे भवितव्य मतदारांच्या हाती न राहता पक्षश्रेष्ठींच्या हाती गेले. दर तीन वर्षांनी नवा माणूस आला, ओळख होईतो निघून गेला. २०२५ च्या घटनादुरुस्तीने ही बंदी २०३० पासून पुन्हा लागू करण्याचे ठरले आहे.

आणि काळ्या गावांचे काय? १९९७ साली, ज्या वर्षी अकराव्या मतदारसंघाची पहिली निवडणूक झाली, त्याच वर्षी पिनोतेपाजवळील एल सिरुएलो या खेड्यात 'काळ्या गावांचा मेळावा' भरला. त्रिनिदादहून आलेले धर्मगुरू ग्लिन जेमट यांनी गावकऱ्यांना एकत्र करून तो घडवून आणला होता. या समाजाने एकत्र बसून आपल्या अस्तित्वाला नाव देण्याची ही सुरुवात होती. त्यांची मुख्य मागणी ऐकावयास अगदी साधी होती: आम्हाला मोजा.

ती मान्य व्हावयास किती काळ लागला पाहा. २००५ च्या नकाशात चाळीस टक्क्यांहून अधिक मूळनिवासी लोकसंख्या असलेले २८ मतदारसंघ हेतुपुरस्सर राखण्यात आले, ही मोठी प्रगती होती. पण २००० च्या आणि २०१० च्या जनगणनेत आफ्रिकी वंशाचा प्रश्नच नव्हता. म्हणून अकरावा मतदारसंघ आखला गेला तेव्हा आणि पुसला गेला तेव्हाही, त्यात काळे नागरिक किती हे जनगणनेच्या दप्तराला ठाऊक नव्हते. २०१५ च्या सर्वेक्षणात प्रथम हा प्रश्न आला. ऑगस्ट २०१९ मध्ये घटनेच्या दुसऱ्या कलमात आफ्रो-मेक्सिकन समाजाला मान्यता मिळाली. २०२० च्या जनगणनेत २५ लाख ७६ हजार लोकांनी, म्हणजे देशातील शेकडा दोन माणसांनी, आपण आफ्रो-मेक्सिकन असल्याचे सांगितले. वाहाकात ते १ लाख ९४ हजार निघाले. त्यानंतरच्या फेररचनेत मूळनिवासी व आफ्रो-मेक्सिकन लोकसंख्या एकत्र विचारात घेऊन असे ४४ मतदारसंघ ठरले. मोजणी झाली तेव्हा नकाशाला जाग आली. पण तोवर पिनोतेपाचा मतदारसंघ इतिहासजमा झाला होता.

राखलेला मतदारसंघ म्हणजे आपला प्रतिनिधी, असेही समजण्याचे कारण नाही. २८ मतदारसंघ आखले गेले, परंतु तेथे उमेदवार कोणत्या समाजाचा असावा याचे बंधन नव्हते. २०१८ मध्ये प्रथमच त्यांपैकी १३ ठिकाणी पक्षांना मूळनिवासी उमेदवार देणे भाग पडले, २०२१ मध्ये २१ ठिकाणी. लगेच काहीजण, "मी मूळनिवासी आहे," असे कागदावर लिहून उभे राहिले. तेव्हा निवडणूक न्यायाधिकरणाला सांगावे लागले की नुसती घोषणा पुरेशी नाही. त्या समाजाशी प्रत्यक्ष नाते, तेथील कार्य, तेथील सभांतील सहभाग पुराव्याने दाखवावा लागेल. २०२१ मध्येच प्रत्येक पक्षाला आफ्रो-मेक्सिकन उमेदवारांच्या चार जोड्या देणे बंधनकारक झाले आणि प्रमाणशीर याद्यांत परदेशस्थ मेक्सिकनांसाठीही स्थान ठेवले गेले.

हे सारे वाचताना मला पुन्हा पुन्हा १९३२ आठवले, हे आपणांस सांगावयास नको. २४ सप्टेंबरच्या पुणे कराराने प्रांतिक विधिमंडळांत १४८ राखीव जागा मिळाल्या, पण मतदार संयुक्त राहिले. जागा आपली, तिच्यावर कोण बसणार हे ठरवणारी बहुसंख्या दुसऱ्यांची, हा त्यातला पेच बाबासाहेबांनी पुढे सातत्याने मांडला. सीमारेषेचा फटका तर त्यांना स्वतःलाही बसला होता. १९४६ मध्ये ते बंगालमधून घटना समितीवर निवडून गेले. फाळणीची रेषा आखली गेली आणि ते सदस्यत्व संपुष्टात आले. जुलै १९४७ मध्ये मुंबई प्रांतातून त्यांची पुन्हा निवड झाली, म्हणून ते समितीत राहू शकले. एक रेषा कोठून जाते यावर केवढे अवलंबून असते!

बंधू-भगिनींनो, मला जे सांगावयाचे आहे ते थोडक्यात असे. प्रतिनिधित्वाला तीन पायऱ्या आहेत. आधी माणूस मोजला गेला पाहिजे. मग त्या मोजणीला मान देणारी सीमा आखली गेली पाहिजे. आणि शेवटी त्या सीमेच्या आत निवडून येणारा माणूस तिथल्या लोकांना उत्तर देण्यास बांधलेला असला पाहिजे. पिनोतेपाला दुसरी पायरी आधी मिळाली, तिसरी मिळालीच नाही, आणि पहिली मिळाली तेव्हा दुसरी निघून गेली होती.

आपण येथे नोकरी-व्यवसायात स्थिरावलो. मोठ्या कष्टाने मिळवलेले हे स्थैर्य आहे आणि त्याचा अभिमान असावा. गावाकडे आपण पैसे पाठवतो, विहारासाठी, शाळेसाठी देणग्या देतो. ते चालूच राहिले पाहिजे. परंतु पैसा पाठवणारा माणूस आणि मोजला जाणारा माणूस यांत अंतर आहे, हे त्या रुग्णाने मला शिकवले. म्हणून माझी विनंती एवढीच. जेथे राहता तेथे जनगणनेचा फॉर्म स्वतःच्या हाताने भरा; "आमचे काय अडले आहे," असे म्हणून तो बाजूला टाकू नका. जे नागरिक झाले आहेत त्यांनी मतदारयादीत नाव घाला. जे भारताचे नागरिक आहेत त्यांनी गावच्या यादीत आपले नाव आहे की नाही ते पाहा. आणि आपला मतदारसंघ कोणता, त्याची हद्द कोठून कोठवर, मागच्या वेळी ती का बदलली, हे आपल्या मुलांना सांगता येईल इतके तरी जाणून घ्या.

तो रुग्ण अजूनही तपासणीस येतो. त्याचा रक्तदाब आता आटोक्यात आहे. मागच्या खेपेस मी त्याला सांगितले की तुमच्या मतदारसंघाविषयी मी आमच्या लोकांपुढे बोलणार आहे. त्याला आश्चर्य वाटले. "तुमच्या लोकांना त्याचे काय?" त्याने विचारले. मी म्हणालो, "आमच्या लोकांना रेषेच्या बाहेर राहण्याचा फार जुना अनुभव आहे." त्याने ते जुने मतदार ओळखपत्र पुन्हा काढून दाखवले आणि विभागाच्या क्रमांकावर बोट ठेवले. मतदारसंघ गेला तरी तो क्रमांक त्याने सांभाळून ठेवला आहे.